कडेवरून उजवीकडे : एका मोपेडच्या अपघाताचं प्रकरण

माझ्या ताईची मोपेड संध्याकाळी ६.४० च्या सुमाराला एका सहापदरी रस्त्यावर आडवी झाली. ताईचं कॉलरबोन मोडलं, उजवं कोपर सोलवटलं, हेल्मेटची डावी बाजू डांबरावर घासून खरखरीत झाली. मागची व्हॅन तिच्यापासून दोन-अडीच मीटरवर थांबली, म्हणून ती आज घरी आहे.

त्या रात्री दवाखान्याच्या बाकावर तीन कारणं ऐकू येत होती. ताईचं म्हणणं, गाडीवाला बेफाम होता. गाडीवाला स्वतः थांबला होता, त्यानेच तिला दवाखान्यात आणलं होतं, तो हात जोडून पुन्हा पुन्हा सांगत होता, "त्या एकदम समोर आल्या हो, मला दिसल्याच नाहीत." आणि मागून सायकलवर येणारा माझा भाचा, ज्याने सगळं डोळ्यांनी पाहिलं, तो मला विचारत होता, "मामा, आईने इंडिकेटर दिला होता. मग चुकलं कुणाचं?"

तिघंही खरं बोलत होते. नव्याने सायकल किंवा मोपेड हाती घेतलेल्या मोठ्या माणसांना मी बरीच वर्षं रस्त्यावर चालवायला शिकवतो, आणि असं तिघांचं खरं एकत्र असणं मला नेहमी अस्वस्थ करतं. कुणीच खोटं बोलत नसेल तर चूक माणसापेक्षा मांडणीत असते, आणि मांडणी उद्याही तशीच राहते. तिसऱ्या दिवशी मी भाच्याला घेऊन मोजपट्टी आणि घड्याळ खिशात टाकून त्या जागी गेलो. पुढचं सगळं त्या आणि त्यानंतरच्या काही फेऱ्यांमधून हाती आलेलं आहे.

जागा

वाहतूक डावीकडून चालणारा रस्ता. (जिथे उजवीकडून चालते तिथल्या वाचकांनी डावं-उजवं उलटवून घ्यावं.) मध्ये दुभाजक, दोन्ही अंगांना तीन-तीन लेन, प्रत्येक लेन साधारण साडेतीन मीटर रुंद. डाव्या कडेला दीड मीटरची साइडपट्टी, पण सलग नाही. मध्येच खडी, मध्येच उभा ट्रक. वेगमर्यादा ताशी ८० किलोमीटर. दुभाजकात एक कट आहे, त्यातून उजवीकडे वळलं की घराचा रस्ता लागतो. कटपाशी सिग्नल नाही, झेब्रा पट्टे नाहीत, वळणाऱ्यांना थांबायला वेगळी लेन नाही. पुढचा सिग्नल तिथून ७०० मीटरवर.

ताईची मोपेड या रस्त्यावर ताशी ४० ने चालते, भाच्याची सायकल १८ ने. दोघं रोज याच कटमधून घरी यायचे, आपापल्या पद्धतीने.

साडेपाच सेकंद

ताई डाव्या कडेने येत होती. कटच्या साधारण ६० मीटर आधी तिने उजवा इंडिकेटर लावला, आरशात पाहिलं आणि निघाली. डावी लेन रिकामी होती. मधल्या लेनमध्ये एक उंच व्हॅन मागून येत होती; तिच्या चालकाने इंडिकेटर पाहिला, वेग कमी केला आणि हेडलाईट लुकलुकवून 'या' म्हटलं. ताई व्हॅनच्या पुढून उजव्या लेनमध्ये शिरली आणि त्याच क्षणी उजव्या लेनमधली मोटार तिथे पोचली. मोटारीने ब्रेक मारला, दुभाजकाकडे सरकली, पण तिचा डावा आरसा मोपेडच्या हँडलला लागला. ताई डावीकडे, व्हॅनच्या समोर पडली. व्हॅन आधीच हळू झालेली होती.

आता हिशेब. ताशी ४० म्हणजे सेकंदाला ११ मीटर. ६० मीटरला साडेपाच सेकंद. तेवढ्या वेळात ताशी ८० ने येणारी गाडी १२० मीटर कापते. म्हणजे ताई कडेवरून हलली तेव्हा जी मोटार तिच्या ६० मीटर मागे होती, ती तिला नेमकी कटच्या तोंडाशी गाठणार होती. हाही हिशेब ताईचा वेग कायम राहिला असं धरून. तिला वळायचं होतं, त्यामुळे शेवटी ती विसाच्या आसपास आली होती. तसं धरलं तर शंभरेक मीटर मागची मोटारसुद्धा तिला त्याच जागी भेटते. आरशात पाहताना शंभर मीटर मागची मोटार कुणाला जवळची वाटते? मला तरी वाटत नाही. मी त्या जागी उभा राहून पाहिलं, ती 'लांब' वाटते.

भाच्याला मी हाच हिशेब सायकलीसाठी करायला लावला. ताशी १८ म्हणजे सेकंदाला ५ मीटर, म्हणजे ६० मीटरला १२ सेकंद. तेवढ्यात मोटार जवळजवळ २६७ मीटर येते. म्हणजे सायकलवाल्याला असं तिरपं जायचं असेल तर मागे दोनशे मीटरहून अधिक रस्ता रिकामा हवा, तोही तिन्ही लेनमध्ये. त्या रस्त्यावर त्या वेळेला असा रिकामा तुकडा आम्हाला पाऊण तासात एकदाही मिळाला नाही.

व्हॅनवाल्याचा चांगुलपणा

या प्रकरणात मी सगळ्यात जास्त वेळ व्हॅनपाशी घालवला.

व्हॅनवाल्याने ताईला जागा दिली. भला माणूस. पण तो देऊ शकत होता ती फक्त स्वतःची लेन. शेजारची लेन त्याच्या हातात नव्हती. ताईने मात्र त्याचा लुकलुकणारा दिवा 'रस्ता मोकळा आहे' असा वाचला. हे तिने स्वतः मला सांगितलं: "तो थांबला म्हटल्यावर मी मागे पाहणं सोडलं रे."

आणि उजव्या लेनमधल्या मोटारवाल्याला काय दिसत होतं? समोर डावीकडे एका उंच व्हॅनची पाठ आणि तिचे पेटलेले ब्रेकलाईट. व्हॅन का हळू झाली ते त्याला कळायला मार्ग नव्हता. पुढे कुणी वळतंय, खड्डा आहे, की व्हॅनवाला फोन शोधतोय? त्याची लेन रिकामी होती, म्हणून तो गेला. ताई व्हॅनच्या पुढच्या कोपऱ्याआडून बाहेर आली तेव्हा दोघांमध्ये फार तर वीस मीटर होते. ताशी ८० च्या वेगात पाय ब्रेकवर जाईपर्यंत दीड सेकंद धरला तरी ३३ मीटर निघून जातात, आणि कोरड्या रस्त्यावर चांगले ब्रेक लागले तरी पूर्ण थांबायला आणखी ३५ मीटर लागतात. त्याने ताईला पाहिलं आणि तरी तिला फक्त आरसा लागला, याचं श्रेय मी त्याच्या हातांना देतो.

पायी रस्ता ओलांडणाऱ्यांच्या बाबतीत हा प्रकार सुरक्षेवर काम करणाऱ्यांना चांगलाच ठाऊक आहे: जवळच्या लेनमधली गाडी थांबते, तिच्याआडून माणूस पुढे येतो आणि पलीकडच्या लेनमधली गाडी त्याला उडवते. मोपेडवर हे जास्त वाईट होतं, कारण माणूस चालत असेल तर कोपऱ्याशी थबकून डोकावू शकतो. ताशी वीसने जाणारी मोपेड डोकावत नाही, ती थेट पुढे येते.

तेव्हापासून मी शिकायला येणाऱ्या प्रत्येकाला एक सवय लावतो. कुणी दिवा दाखवून बोलावलं तर त्याच्या गाडीच्या पुढच्या कोपऱ्याशी पूर्ण थांबायचं, मान पुढे काढून पलीकडची लेन स्वतःच्या डोळ्यांनी पाहायची, मगच जायचं. त्याला वेळ लागला तर लागू दे. सभ्यपणे हात करून नाही म्हणायचं आणि कडेलाच राहायचं, हेही चालतं.

दिसणं

"दिसल्याच नाहीत" हे वाक्य मी खोटं मानत नाही. अमेरिकेत हॅरी हर्ट यांनी लॉस एंजेलिसच्या परिसरातल्या सुमारे ९०० मोटारसायकल अपघातांचा जागेवर जाऊन अभ्यास केला. त्याचा अहवाल १९८१ साली आला. दोन वाहनांच्या टकरीत सर्वांत जास्त वेळा पुढे आलेलं कारण हेच होतं: दुसऱ्या चालकाला मोटारसायकल दिसलीच नाही, किंवा दिसली तेव्हा उशीर झाला होता.

याचं कारण डोळ्याच्या कामात आहे. सरळ रेषेत जवळ येणारी वस्तू नजरेसमोरून सरकत नाही, ती नुसती मोठी होत जाते. दोनशे मीटरवरची मोपेड शंभरावर आली की डोळ्यातला तिचा आकार दुप्पट होतो, पण दुप्पट होऊनही तो इवलासाच असतो. शेवटच्या थोड्या मीटरांत ती एकदम फुगते. मोटारीपेक्षा मोपेड अरुंद, म्हणून तिच्या बाबतीत हे फुगणं आणखी उशिरा जाणवतं. ताईलाही मागे पाहताना हाच घोळ, वर आरशाची भर. मोपेडचा आरसा किंचित फुगीर असतो. त्यात रस्ता जास्त मावतो, पण प्रत्येक गाडी लहान आणि म्हणून लांबची वाटते. ताईचा उजवा आरसा तर मी पाहिला तेव्हा अर्धा तिचं कोपरच दाखवत होता.

आरसा हा मागे काहीतरी आहे एवढं सांगायला चांगला. किती लांब, किती वेगात, आणि आरशाच्या कडेबाहेर काय, हे मान वळवूनच कळतं. पण चालत्या मोपेडवर किंवा सायकलवर मान वळवली की हँडल त्याच बाजूला ओढलं जातं. नवख्याची गाडी हमखास उजवीकडे झोकांडते. म्हणून लोक मान वळवायला घाबरतात. यावर उपाय रिकाम्या मैदानातला सराव. एक सरळ रेषा आखायची, तिच्यावरून चालवत मागे उभ्या माणसाने किती बोटं वर केली आहेत ते सांगायचं. दोन-तीन संध्याकाळींत जमतं. ताईने आठ वर्षं मोपेड चालवली होती, आणि हे तिला कुणी कधी शिकवलं नव्हतं. मीही नाही. याची मला मनापासून खंत आहे.

कपड्यांचंही इथेच सांगून टाकतो. ताईचा कोट करडा होता, संधिप्रकाशात डांबराच्याच रंगाचा. भडक पिवळ्या-नारिंगी फ्लोरोसंट कापडाला झळकायला सूर्यप्रकाशातले अतिनील किरण लागतात. म्हणून ते दिवसा आणि संधिप्रकाशात उत्तम, पण अंधार पडल्यावर रस्त्याच्या दिव्यांखाली त्याचा फारसा उपयोग राहत नाही. रात्री काम करतात त्या हेडलाईटचा प्रकाश उलट फेकणाऱ्या पट्ट्या. त्या पाठीवर असतात तशा घोट्याला आणि गुडघ्याला बांधाव्यात. पेडल मारताना त्या वरखाली होतात आणि मागच्याला क्षणात कळतं की हा खांब नाही, माणूस आहे. ऑस्ट्रेलियात जोआन वूड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेल्या प्रयोगांतून हे दिसलेलं आहे. भाच्याच्या सायकलला मागचा लाल दिवा होता, पण पाठपिशवी खाली लोंबून त्याला झाकत होती. सायकलच्या मागे वीस पावलांवर उभं राहून पाहिल्याशिवाय हे कुणाच्या लक्षात येणार!

चूक कुठून सुरू झाली

मला वाटतं, चूक कटच्या ४०० मीटर आधी सुरू झाली. तेव्हा ताई काहीच धोक्याचं करत नव्हती.

भाच्याला मी विचारलं, आई त्याआधी कुठून चालली होती? तो म्हणाला, "साइडपट्टीवरून. ट्रक उभा होता तिथे बाहेर आली, मग परत आत." म्हणजे मागून येणाऱ्यांच्या लेखी ताई कधी दिसत होती, कधी नाहीशी होत होती. रस्त्याच्या चालत्या वाहतुकीत ती त्यांच्या लेखी नव्हतीच. ती 'कडेची' होती. आणि कडेची वस्तू साडेपाच सेकंदांत दुभाजकापाशी येईल असं कुणाच्या मनात येत नाही. इंडिकेटर होता, खरं आहे. पण इंडिकेटर दिसायला आधी मोपेड नजरेत असावी लागते.

कडेला जितकं चिकटाल तितकं सुरक्षित, असं आपल्याला लहानपणापासून सांगितलं जातं. कडेला खडी असते, पाण्याच्या जाळ्या असतात, उभ्या गाड्यांची उघडणारी दारं असतात. ब्रिटनच्या हायवे कोड या वाहतूक नियमावलीत जानेवारी २०२२ पासून सायकलवाल्यांना स्पष्ट सल्ला आहे: वेगाने जाणाऱ्या गाड्यांच्या गर्दीच्या रस्त्यावर कडेपासून किमान अर्धा मीटर आत राहा, उभ्या गाड्यांपासून एक मीटर सोडा, आणि जिथे लेन अरुंद होते किंवा चौक येतो तिथे लेनच्या मध्यावर या. मागून ओलांडणाऱ्यांनी किमान दीड मीटर सोडावं, वेग जास्त असेल तर आणखी. जर्मनीत २०२० पासून हे अंतर वस्तीत दीड मीटर आणि वस्तीबाहेर दोन मीटर असं ठरवून दिलेलं आहे. हे आकडे उगाच आलेले नाहीत. मोठा ट्रक शेजारून जातो तेव्हा त्याच्या तोंडापुढची हवा आधी आपल्याला बाहेर ढकलते आणि ट्रकचं अंग शेजारी आलं की आत ओढते. हात ताठ धरून हँडल आवळणारा माणूस या दोन धक्क्यांत सरळ राहत नाही. कोपरं सैल ठेवावीत, आणि ढकललं गेलं तर जायला डावीकडे जागा असावी. ती जागा अर्धा-एक मीटर आत चालणाऱ्याकडेच असते.

मग ताशी ८० च्या रस्त्यावर सायकलने लेनच्या मध्यातून जावं का? मी तसं सांगणार नाही. साइडपट्टी स्वच्छ आणि सलग असेल तर सायकल तिथेच बरी, कारण ताशी साठाहून अधिक वेगफरक कोणत्याही धीटपणाने भरून निघत नाही. पण मग एक गोष्ट पक्की धरायची: साइडपट्टीवरून आत-बाहेर नागमोडी करायची नाही. उभा ट्रक दिसला की बराच आधी मागे पाहून, जागा मिळाल्यावर बाहेर यायचं. नाही मिळाली तर ट्रकमागे थांबायचं. मोपेडचं वेगळं. ती डाव्या लेनमध्ये, डाव्या तिसऱ्या हिश्श्यात, सरळ रेषेत चालवावी, म्हणजे मागच्याला ती दूरवरून आणि सतत दिसते.

मोपेड आणि सायकल यांना एकाच मापात बसवू नये, हे नेदरलँड्सने फार नीट ओळखलं आहे. तिथे मोपेडची कमाल गती ताशी ४५. पूर्वी त्या सायकलमार्गावरून जात. १५ डिसेंबर १९९९ पासून वस्तीतल्या रस्त्यांवर, जिथे मोटारींची मर्यादा सहसा ५० असते, त्यांना मोटारींच्या रस्त्यावर आणलं. वस्तीबाहेर मोटारी ८० ने जातात तिथे मात्र त्या सायकलींबरोबर वेगळ्या मार्गावरच राहिल्या. ज्याचा वेग आपल्या जवळचा, त्याच्या सोबतीने चाला, असा तो हिशेब. आमच्या रस्त्यावर तसा वेगळा मार्ग नाही, म्हणून निदान आडवं जाण्याची जागा तरी आम्हाला निवडायची होती.

भाच्याची पद्धत

ताईच्या अपघातानंतर भाचा म्हणाला, "मी तर उतरून ढकलत जातो, मला काय होणार?"

आम्ही मोजलं. कडेपासून दुभाजकापर्यंत बारा मीटर. सायकल ढकलत चालायला त्याला नऊ सेकंद लागले. नऊ सेकंदांत ताशी ८० ची मोटार २०० मीटर येते, १०० ची असेल तर २५०. अंधारात फक्त दोन दिवे दिसत असताना ८० कोणती आणि १०० कोणती ते सांगता येत नाही. मी मुद्दाम भाच्याला अंदाज करायला लावले, आणि ते इतके चुकले की तो स्वतःच गप्प झाला. शिवाय दुभाजकाच्या कटमध्ये पोचल्यावर सायकल आडवी मावत नाही. मागचं चाक उजव्या लेनमध्ये राहतं. हे त्याला दीड वर्षात कधी जाणवलं नव्हतं, कारण तो नेहमी पुढे पाहत उभा असायचा.

वळण दोन तुकड्यांत

उपाय नवा नाही. जपानमध्ये ५० सीसीपर्यंतच्या छोट्या मोपेडना तीन किंवा अधिक लेनच्या सिग्नलवर सरळ उजवीकडे वळायला बंदी आहे. तिथेही वाहतूक डावीकडून चालते. मोपेडने डाव्या कडेनेच चौक सरळ ओलांडायचा, पलीकडच्या डाव्या कोपऱ्यात थांबून गाडी उजवीकडे तोंड करून उभी करायची, आणि आडव्या रस्त्याला हिरवा मिळाला की सरळ जायचं. या छोट्या मोपेडची वेगमर्यादा तिथे ताशी ३० आहे, त्यामुळे मोटारींच्या मधून तिरपं जाणं त्यांना शक्यच नाही, हे नियम करणाऱ्यांनी मान्य केलेलं आहे. सायकलींनाही तिथे हाच नियम. डेन्मार्कमध्ये सायकलवाले याच पद्धतीने, त्यांच्या बाजूने उलटं, डावीकडे वळतात. तैवानमध्ये तर स्कूटर थांबण्यासाठी चौकात चौकोन रंगवलेले आहेत.

आम्ही ठरवलं: कटकडे बघायचंच नाही. सरळ सिग्नलपर्यंत जायचं, तिथे दोन तुकड्यांत वळायचं आणि आतल्या रस्त्याने परत यायचं. रस्ता जाऊन-येऊन सुमारे १४०० मीटरने वाढला. सिग्नलची वाट धरून मोपेडला चार-पाच मिनिटं, सायकलला सात-आठ.

थांबायची जागा निवडायला आम्हाला दोन फेऱ्या लागल्या. कोपऱ्यात फार मागे थांबलं तर सरळ जाणाऱ्यांच्या वाटेत येतो, फार डावीकडे थांबलं तर डावीकडे वळणाऱ्यांच्या. आडव्या रस्त्याच्या झेब्रा पट्ट्यांच्या पुढे, पण चौकाच्या आतल्या बाजूला, एक बरी जागा सापडली. पावसात तिथे पाय टेकताना जपावं लागतं. रंगवलेले पट्टे आणि लोखंडी झाकणं ओली झाली की साबणासारखी होतात.

आणि तिथेच नवा धोका भेटला. भाचा चौथ्या दिवशी सिग्नलला थांबलेल्या ट्रेलरच्या डाव्या बाजूने पुढे सरकायला निघाला. मी मागे होतो, ओरडून थांबवलं. सिग्नल सुटला आणि ट्रेलर डावीकडे वळला. इंडिकेटर लागलेला होता, पण भाचा जिथे होता तिथून तो दिसत नव्हता. लांब गाडी वळते तेव्हा तिची मागची चाकं पुढच्या चाकांच्या वाटेवरून जात नाहीत, ती आतल्या बाजूने कोपरा कापतात. भाचा जिथे शिरणार होता, ती जागा चाकाने घासून गेली. ड्रायव्हरला तो दिसला नसता. त्या उंच केबिनमधून डावी बाजू आणि नाकासमोरचा तुकडा जवळजवळ आंधळाच असतो. ड्रायव्हरचा चेहरा त्याच्या आरशात आपल्याला दिसत नसेल तर आपणही त्याला दिसत नाही, एवढी खूण भाच्याने लक्षात ठेवली आहे. आता तो ट्रेलरच्या मागेच उभा राहतो, आणि एक सिग्नल गेला तर जाऊ देतो.

हेल्मेट

थोडक्यात. मोटारसायकलस्वारांवरच्या अनेक अभ्यासांचा एकत्रित आढावा कॉक्रेन या वैद्यकीय संशोधन पडताळणाऱ्या संस्थेने २००८ साली घेतला. हेल्मेटमुळे मृत्यूचा धोका सुमारे ४२ टक्क्यांनी आणि डोक्याच्या दुखापतीचा ६९ टक्क्यांनी कमी होतो असं त्यात आढळलं. ताईच्या हेल्मेटचा पट्टा लावलेला होता. डाव्या कानाच्या वरचा घासलेला भाग मी बोटाने चाचपला तेव्हा माझे हात थरथरत होते. ते हेल्मेट आम्ही फेकून दिलं. आतला थर्माकोलसारखा थर एकदा दबला की पुन्हा आघात झेलत नाही, बाहेरून ते कितीही धड दिसो.

रस्ता

जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२३ च्या अहवालानुसार २०२१ साली जगात रस्त्यांवर सुमारे ११ लाख ९० हजार माणसं गेली, आणि त्यांतली निम्म्याहून अधिक पायी, सायकलवर किंवा दुचाकी-तिचाकीवर होती. हा आकडा वाचताना मला तो कट दिसतो. ताशी ८० च्या रस्त्यावर, सिग्नल नसताना, थांबायला लेन नसताना दुभाजक उघडा ठेवणं म्हणजे ४० आणि १८ ने येणाऱ्यांना त्या वेगात तिरपं ढकलणं. माणूस चुकणारच, आणि त्या चुकीची शिक्षा मरण असू नये अशी रस्त्याची बांधणी हवी, हे स्वीडनच्या संसदेने १९९७ साली धोरण म्हणून स्वीकारलं. आम्ही मोजलेली अंतरं, सेकंदांचा हिशेब आणि छायाचित्रं जोडून कट बंद करण्याची मागणी रस्ता सांभाळणाऱ्यांकडे दिली आहे. दोनदा स्मरणपत्रही दिलं. कट अजून उघडा आहे. आम्ही उभे असतो तेवढ्यात कितीतरी जण डावीकडून तिरपे येऊन त्यात शिरतात, आणि मी दर वेळी श्वास धरतो.

अकरा आठवड्यांनी ताई पुन्हा मोपेडवर बसली. पहिले चार दिवस फक्त मैदान आणि मान वळवण्याचा सराव. पाचव्या दिवशी रस्ता. मी मागून येत होतो. ती डाव्या लेनमधून सरळ रेषेत चालली होती. कट आला तेव्हा तिचे खांदे आवळलेले मला मागूनही दिसले. ती पुढे गेली. सिग्नल ओलांडून कोपऱ्यात थांबली, गाडी वळवली, हिरव्याची वाट पाहिली.

भाच्याने मात्र मागच्या आठवड्यात कबूल केलं की एके दिवशी उशीर झाला होता आणि तो पुन्हा कटमधून ढकलत गेला. ताई रागावली. मी त्याला विचारलं, किती उशीर झाला होता? तो म्हणाला, दहा मिनिटं. आता तो क्लासमधून शेवटचा प्रश्न दुसऱ्या दिवसावर ठेवून दहा मिनिटं आधी निघतो.